धार-देवासची दप्तरे कोणी वाचायची?

ई. एम. फॉर्स्टर हा इंग्रज कादंबरीकार १९२१ साली देवास थोरली पाती या संस्थानात महाराज तिसरे तुकोजीराव पवार यांचा खाजगी चिटणीस म्हणून सुमारे सहा महिने राहिला. त्या मुक्कामात त्याने आईला आणि मित्रांना जी पत्रे लिहिली, ती आज केंब्रिजच्या किंग्ज कॉलेजात जतन केलेली आहेत. महाराजांचे शिक्षक व आयुष्यभराचे स्नेही माल्कम डार्लिंग यांचे कागद त्याच गावातील दक्षिण आशिया अध्ययन केंद्रात आहेत. कोणीही अभ्यासक जावा, सूची पाहावी, चिठ्ठी भरावी, आणि घटकाभरात देवासच्या वाड्यातील १९२१ सालची गोकुळाष्टमी त्याच्यापुढे कागदावर उभी राहावी, इतकी ती व्यवस्था सरळ आहे. याच पत्रांच्या आधारे फॉर्स्टरने १९५३ साली देवासवरचे आपले पुस्तक प्रसिद्ध केले. त्याच्या नावात जी देवीची टेकडी आहे ती देवासची चामुंडेची टेकडी. तुळजाभवानीचे ठाणेही त्याच टेकडीवर आहे आणि मालव्यात उतरलेल्या मराठी माणसाला तिच्या पायऱ्या चढताना तुळजापूर आठवल्यावाचून राहत नाही.

फॉर्स्टर पत्रे लिहीत होता त्याच महिन्यांत, त्याच वाड्यात, इतर अनेक हातही लिहीत होते. कारभारी, फडणीस, मुदपाकखान्याचा कारकून, कोल्हापूर-साताऱ्याकडच्या माहेरांशी व सासरांशी पत्रव्यवहार ठेवणाऱ्या स्त्रिया, गावोगावचे कमाविसदार, अर्ज घेऊन आलेला शेतकरी आणि त्याच्यासाठी अर्ज लिहिणारा लेखनिक. हे सारे लिहिणे मराठीत व्हायचे, त्यातले बरेचसे मोडीत. देवासचा इंग्रजी अर्धा भाग केंब्रिजमध्ये सूचीबद्ध आहे. मराठी अर्ध्या भागाविषयी आपण काय करणार आहोत, हा या लेखाचा विषय आहे.

सीमाभागातल्या वाचकाने म्हणावे की धार-देवास आपल्यापासून किती लांब! तसे ते नाही. देवासच्या थोरल्या पातीचा इतिहास १९६३ साली इंग्रजीत लिहिणारे मनोहर माळगावकर हे आपल्याच जगलबेटचे. त्यांचे आजोबा देवासचे दिवाण होते. लोंढ्याच्या जंगलातले एक घर आणि माळव्यातला एक राजवाडा यांच्यात कागदांचा असा धागा आहे. पुढे १९४८ साली कुमार गंधर्व देवासला स्थायिक झाले, तेही बेळगावजवळच्या सुळेभावीत जन्मलेले. आणि ज्यांची भाषा घरात एक व कचेरीत दुसरी आहे, अशा माणसांना जुन्या दप्तराचे मोल समजावून सांगावे लागत नाही. गावाच्या कुळकर्ण्याचे रुमाल कोणत्या भाषेत होते, सातबाऱ्याच्या आधीचे खर्डे कोणत्या लिपीत होते, या प्रश्नांवर आपल्याकडे वर्षानुवर्षे वाद झाले आहेत. वाद घालणाऱ्यांपैकी किती जणांना ते रुमाल वाचता येत होते, हे मात्र कोणी विचारू नये.

आता पवार घराण्याकडे वळू. पहिल्या बाजीरावाच्या काळात होळकर, शिंदे यांच्याबरोबर माळव्यात शिरलेले हे तिसरे मराठा घराणे. १७२८ साली अमझेऱ्याच्या लढाईत चिमाजी आप्पाने मोगल सुभेदार गिरिधर बहादूर याचा पराभव केला, तेव्हापासून माळव्याचा दरवाजा उघडला. धारची गादी एका शाखेकडे आली. तुकोजी व जिवाजी या दोघा भावांकडे देवास आले आणि त्यांच्या वंशजांनी एकाच गावात दोन राज्ये चालवली. थोरली पाती आणि धाकटी पाती. गावातून सीमा जात होती, दोन दरबार, दोन खजिने, दोन दफ्तरखाने. धारचे यशवंतराव पवार पानिपतावर पडले. १७७५ साली दुसऱ्या बाजीरावाचा जन्म झाला तो धारच्या किल्ल्यात, राघोबादादांच्या परागंदा दिवसांत. १८५७ साली इंग्रजांनी तोच किल्ला वेढून घेतला व संस्थान जप्त केले. १८६० साली ते परत दिले. १९४८ साली तिन्ही गाद्या मध्य भारतात विलीन झाल्या आणि १९५६ पासून हा प्रदेश मध्य प्रदेशात आहे.

पण घराण्याचे राजकारण विलीनीकरणाने संपले नाही. देवासचे तुकोजीराव पवार १९९० पासून २०१५ साली निधन होईपर्यंत तेथील आमदार होते, राज्यात मंत्रीही होते. त्यांच्यानंतर गायत्रीराजे पवार त्याच मतदारसंघातून निवडून येत आहेत. म्हणजे अडीच-पावणेतीनशे वर्षांच्या सलग राजकीय व्यवहाराचे हे एक घर आहे. पेशव्यांच्या आज्ञापत्रापासून मतदारसंघातल्या नळयोजनेच्या निवेदनापर्यंतचे कागद एका कुटुंबाच्या नावाशी जोडलेले असणे ही महाराष्ट्रातसुद्धा फार घरांत न सापडणारी गोष्ट आहे.

अशा घराचे कागद खाजगी म्हणावेत की सार्वजनिक? येथे पहिली गाठ बसते. १९४८ पूर्वी राजा हाच राज्य होता. त्याने आपल्या बहिणीला लिहिलेल्या पत्रात एखाद्या गावच्या विहिरीचा हुकूम येऊन जातो, आणि दरबारच्या जमाखर्चात मुलाच्या मुंजीचा खर्च निघतो. विलीनीकरणाच्या वेळी प्रत्येक संस्थानिकाची खाजगी मालमत्ता कोणती व सरकारची कोणती, याच्या याद्या ठरल्या. वाडे, बागा, मोटारी, जडजवाहीर यांवर घासाघीस झाली; कागदांसाठी तशी घासाघीस झाल्याचे फारसे ऐकिवात नाही. जे सरकारी कचेरीत होते ते सरकारकडे गेले, जे वाड्यात होते ते वाड्यात राहिले. विभागणी विषयावरून झाली नाही, कपाट कोठे होते यावरून झाली. १९७१ साली २६व्या घटनादुरुस्तीने तनखे बंद झाले, मोठी घरे चालवणे अवघड झाले, आणि देशभर वाड्यांची वाटणी, विक्री, भाडेपट्टे सुरू झाले. धारचा झिरा बाग राजवाडा आज हॉटेल म्हणून चालतो, हे त्यातले सुदैवी उदाहरण म्हणावे, कारण इमारत तरी उभी आहे. वाडा विकताना झुंबर कोणी विसरत नाही. कागदांची पेटी मात्र 'नंतर पाहू' म्हणून ज्या खोलीत ढकलली जाते, त्याच खोलीचे छप्पर आधी गळते.

कायद्याने काय होते तेही पाहावे. १९९३ चा सार्वजनिक अभिलेख कायदा केंद्र सरकार, केंद्रशासित प्रदेश व केंद्राच्या उपक्रमांच्या कागदांपुरता आहे. वाड्यातल्या पेटीला तो हात लावत नाही. १९७२ च्या पुरावस्तू कायद्यात मात्र एक उपयोगी तरतूद आहे. इतर वस्तूंना पुरावस्तू ठरण्यासाठी शंभर वर्षांचे वय लागते. ऐतिहासिक मोलाच्या हस्तलिखितांना व अभिलेखांना ७५ वर्षे पुरेशी आहेत. म्हणजे संस्थानी काळातला प्रत्येक महत्त्वाचा कागद ती मर्यादा आज ओलांडून गेला आहे, आणि असा कागद देशाबाहेर विकणे हा गुन्हा आहे. पण देशातल्या देशात तो रद्दीत विकला, जाळला किंवा वाळवीला दिला तर हाच कायदा फारसे काही करू शकत नाही. धारमध्ये मिळालेली एक प्राचीन मूर्ती लंडनच्या ब्रिटिश संग्रहालयात आहे आणि ती परत यावी म्हणून अनेक वर्षे मागणी चालू आहे. जे परदेशात आहे त्याची मागणी करायला आपल्याला उत्साह असतो. जे घरात आहे त्याची यादी करायला नसतो.

यादी करायची तर कोणती अडचण येते, ते थोडे विस्ताराने सांगतो, कारण खरी गोम तेथेच आहे.

मोडी वाचणे ही नुसती अक्षरओळख नव्हे. शब्द तोडून लिहायची पद्धत नाही; बोरू न उचलता ओळ चालते; ऱ्हस्व-दीर्घाचा विधिनिषेध नाही. त्यात कालगणनेची गंमत. अठराव्या शतकातल्या पत्राच्या शेवटी 'छ' म्हणून चांद्रतिथी आणि मुसलमानी महिना येतो, आणि वर्ष अरबी शब्दांत. 'इहिदे सबैन मया व अलफ' म्हणजे एक, सत्तर, शंभर आणि हजार, मिळून सुहूर सन ११७१; त्यात ५९९ मिळवले की इसवी १७७० चा पावसाळा ते १७७१ चा उन्हाळा हे वर्ष निघते. आता 'सबैन' म्हणजे सत्तर आणि 'सबा' म्हणजे सात. एक अक्षर चुकीचे वाचले तर पत्र त्रेसष्ट वर्षे इकडचे तिकडे जाते. पानिपतापूर्वीचा कागद पानिपतानंतरच्या रुमालात बांधला गेला की तो पुन्हा सापडायला दुसरा राजवाडे जन्मावा लागतो. ही विद्या गेल्या शतकाच्या मध्यावर आपल्या शाळांतून बाहेर पडली. महाराष्ट्रात आज मोडीचे वर्ग होतात, हौशी मंडळी उत्साहाने येतात, ही चांगली गोष्ट आहे. पण दहा दिवसांत लिपी येते. पत्र वाचायला वर्षे लागतात.

मोडी येते तेवढ्यानेही भागत नाही. पवारांच्या घरात नावे फिरून फिरून येतात. तुकोजीराव, जिवाजीराव, आनंदराव, उदाजीराव. देवासचे तिसरे तुकोजीराव पवार गादीवर होते त्याच काळात शेजारच्या इंदूरला तिसरे तुकोजीराव होळकर गादीवर होते. ते १९२६ साली पायउतार झाले. दोन गावांत पस्तीस-चाळीस किलोमीटरचे अंतर. नुसते 'श्रीमंत तुकोजीराव महाराज' असे लिहिलेले १९१५ सालचे एखादे पत्र यांपैकी कोणाचे, हे आतल्या मजकुरावरूनच ठरवावे लागते. याच देवासच्या तुकोजीरावांचा विवाह १९०८ साली कोल्हापूरच्या राजर्षी शाहू महाराजांच्या कन्येशी झाला. घरात त्या आक्कासाहेब. आता मराठा सरदारांच्या कोणत्या घरात एखाद्या पिढीला आक्कासाहेब नाहीत? आक्कासाहेब, बापूसाहेब, भाऊसाहेब, खासेसाहेब ही नात्यातून आलेली घरगुती नावे आहेत, आणि पत्र लिहिणाराने ती ज्याच्या नात्याने लिहिली आहेत तो माणूस ओळखल्याशिवाय त्यांचा अर्थ लागत नाही. पुढची गाठ याहून अवघड. या तुकोजीरावांचे चिरंजीव विक्रमसिंहराव देवासच्या गादीवर आले, आणि १९४७ साली कोल्हापूरला दत्तक जाऊन शहाजी छत्रपती झाले. एकाच माणसाची पत्रे एका गावात विक्रमसिंहराव पवारांची, दुसऱ्या गावात शहाजी छत्रपतींची. दोन सूच्या दोन माणसांनी दोन ठिकाणी केल्या तर वडील एका कपाटात व मुलगा दुसऱ्या राज्यात, असा प्रकार कायमचा होऊन बसेल.

आडनावाचेही तसेच. आपण पवार म्हणतो. इंग्रज अधिकाऱ्यांनी पुआर, पोंवार असे काही काही लिहिले. माळगावकरांच्या पुस्तकाच्या नावातही इंग्रजी पुआरच आहे. परमारांशी नाते जोडणारे आणखी वेगळे लिहितात. संगणकावर एक रूप टाइप करणाऱ्या विद्यार्थ्याला बाकीची तीन रूपे दिसत नाहीत. ही गोष्ट किरकोळ वाटते. पण एखादी सूची निरुपयोगी व्हायला एवढे पुरते.

म्हणून माझे म्हणणे असे की, या घराण्याच्या कागदांची सूची मराठी जाणणाऱ्या माणसाच्या हातून व्हावी, आणि ती मराठी व हिंदी दोन्ही भाषांत प्रसिद्ध व्हावी. हा भाषिक अभिमानाचा मुद्दा मी करीत नाही. ज्याला 'सौभाग्यवती' आणि 'गंगाभागीरथी' या दोन मायन्यांतला फरक कळतो, त्याला पत्र नवऱ्याच्या मृत्यूपूर्वीचे की नंतरचे हे तारखेशिवाय कळते. तेवढ्यासाठी.

कागद पुण्याला किंवा कोल्हापूरला हलवावेत, असे म्हणणारे आपल्यात पुष्कळ आहेत. वाचणारे तिकडे आहेत, मग कागदही तिकडेच असावेत, हा त्यांचा युक्तिवाद. तो मला मान्य नाही. राजवाडे, पारसनीस, खरे यांच्या पिढीने गावोगावची दप्तरे गोळा केली नसती तर आज मराठ्यांचा इतिहास अर्धामुर्धा राहिला असता, हे खरे. मिरजेच्या शाळामास्तर वासुदेवशास्त्री खऱ्यांनी पटवर्धनांच्या दप्तरातून काढलेले 'ऐतिहासिक लेखसंग्रहा'चे खंड पाहिले की एका माणसाचे काम एवढे असू शकते यावर विश्वास बसत नाही. पण त्या काळी पर्याय दोनच होते, कागद उचलणे किंवा वाण्याच्या पुड्यांत जाऊ देणे. आज छायाचित्र काढता येते. मूळ कागद माळव्यात राहू द्यावा आणि त्याची प्रतिमा पुण्याच्या भारत इतिहास संशोधक मंडळात, कोल्हापुरात, इतकेच काय बेळगावातही असावी, यात कोणाचे काय जाते? धार-देवासच्या मराठी कुटुंबांची नवी पिढी शाळेत हिंदी शिकते, घरात अर्धी हिंदी बोलते. तिच्या गावात तिच्या भाषेचा जो सर्वांत मोठा लेखी साठा असू शकतो तोच उचलून नेला, तर तिने मराठी कशासाठी धरून ठेवायची?

माळव्यातच याचा नमुना आहे, आणि तो मराठी माणसाने उभा केलेला नाही याची थोडी लाज वाटायला हवी. मंदसौर जिल्ह्यातल्या सीतामऊ या लहानशा संस्थानचे राजपुत्र डॉ. रघुबीरसिंह हे सर जदुनाथ सरकारांचे शिष्य. त्यांनी आयुष्यभर कागद जमवले, देशी-विदेशी संग्रहांतून प्रती करवून आणल्या, आणि १९७४ साली आपल्या गावातच नटनागर शोध संस्थान स्थापन केले. कोट्यातील शिंद्यांच्या मराठी वकिलांचे गुळगुळे दप्तर तेथे अभ्यासता येते. राठोड घराण्यातल्या हिंदी लेखकाने मोडी रुमालांची किंमत ओळखली. राज्यसभेचे सदस्य म्हणून दिल्लीत वावरलेल्या माणसाने संस्था दिल्लीत काढली नाही, सीतामऊला काढली. मराठी दप्तरासाठी अभ्यासकाला त्या आडगावाची वाट धरावी लागते, आणि अभ्यासक जातातही.

धारला विद्येची परंपरा कमी नव्हती. संस्थानचे शिक्षणाधिकारी काशिनाथ कृष्ण लेले यांनी १९०३ साली 'पारिजातमंजरी' नाटिकेचा शिलालेख उजेडात आणला. मुंबईच्या गिरगाव चौपाटीवरचा लोकमान्यांचा पुतळा घडवणारे वसईचे शिल्पकार रघुनाथ कृष्ण फडके धारच्या राजांच्या आश्रयाने तेथे स्थायिक झाले; त्यांचा स्टुडिओ आजही धारमध्ये आहे. दगड आणि माती यांची काळजी घेणारे ते गाव कागदाची घेणार नाही, असे मानण्याचे कारण नाही.

आता छायाचित्रांविषयी. कागदापेक्षा ती अधिक घाईचा विषय आहेत. मध्य हिंदुस्थानात छायाचित्रकला लवकर रुजली. राजा दीनदयाळ यांनी आपले काम इंदूरलाच सुरू केले, तेथल्या होळकरांच्या व इंग्रज एजंटाच्या आश्रयाने. त्यानंतरच्या शंभर वर्षांत या भागातल्या प्रत्येक दरबाराने फोटो काढवले. दसऱ्याची स्वारी, लग्ने, शिकार, व्हाइसरॉयची भेट, शाळेचे उद्घाटन. पत्र निदान स्वतःविषयी काही बोलते. फोटो मुका असतो. मागे पेन्सिलीने नावे लिहिली नसतील तर ज्या डोळ्यांनी ती माणसे पाहिली ते डोळे मिटले की तो कायमचा मुका होतो.

काही वर्षांपूर्वी देवासला एका परिचितांच्या घरी दरबाराचा एक समूहफोटो पाहिला. मध्ये बसलेले महाराज कोणीही ओळखले असते. मागच्या रांगेत डावीकडून चौथा, पगडीचा, किंचित हललेला माणूस कोण, हे त्या घरातल्या नव्वदीच्या आजीबाईंनी क्षणात सांगितले. त्याचा हुद्दा, त्याची बोलण्यातली लकब, तो तंबाखू कोठून मागवी तेसुद्धा. त्यांच्या नातवाने ते ऐकून हसून सोडून दिले. मीही त्या दिवशी लिहून घेतले नाही. पुढच्या खेपेला गेलो तेव्हा आजीबाई नव्हत्या, आणि मला त्या माणसाचे नाव आठवेना. तंबाखू तेवढी आठवते.

महाराजांची ओळख पटवायला कोणाची गरज नसते. मागच्या रांगेची असते. घराण्याच्या संग्रहात नेत्यांबरोबरचे फोटो चौकटीत लागतात, बाकीचे पेटीत जातात. पत्रांचेही तेच. व्हाइसरॉयची सही असलेले पत्र जपून ठेवतात, आणि दुष्काळात सूट मागणाऱ्या पाटलाची अर्जी फेकतात. इतिहासाला दुसऱ्या कागदाची गरज जास्त असते, कारण व्हाइसरॉयच्या पत्राची एक प्रत सरकारी दप्तरातही असते. पाटलाची अर्जी त्या एकाच वाड्यात असते. भाषेच्या अभ्यासकाला तर स्त्रियांची पत्रे आणि अर्ज्या यांहून मोठे धन नाही. दरबारी पत्राचा साचा पुण्यापासून तंजावरपर्यंत एकच. पण कोल्हापूरहून माळव्यात आलेल्या सुनेच्या पत्रात पंधरा वर्षांनी कोणते हिंदी व माळवी शब्द शिरले, कोणते मराठी शब्द टिकले, हे दुसरे कोणते साधन सांगणार आहे?

जपण्याच्या पद्धतीविषयी थोडेच लिहितो, कारण त्याची माहिती कोठेही मिळते. एवढे मात्र सांगायला हवे की वय पाहून काळजी घेऊ नये. १७८० सालचा हातकागद आणि काजळाची शाई अजून टणक असतात; १९३५ सालचा टंकलिखित गिरणीचा कागद हातात मोडतो. नव्यालाच आधी सांभाळावे लागते. चिकटपट्टी व लॅमिनेशन यांनी जेवढी दप्तरे बिघडवली तेवढी कसरीने बिघडवली नसतील. रुमाल सोडून विषयवार किंवा तारीखवार गठ्ठे करू नयेत. जुन्या कारकुनाने कोणता कागद कोणत्या कागदाशेजारी बांधला हीसुद्धा माहितीच असते. फोटोची पाठ-पोट दोन्ही बाजूंनी प्रतिमा घ्यावी. काचेच्या पट्ट्या आडव्या रचू नयेत, उभ्या ठेवाव्यात.

राजकीय घराण्यांची भीती वेगळी असते, आणि ती खोटी नाही. तिसऱ्या तुकोजीरावांचे आयुष्य पाहा. पत्नीशी दुरावा, मुलाशी बेबनाव, कर्ज, इंग्रज सरकारचा रोष, शेवटी राज्य सोडून फ्रेंचांच्या पाँडिचेरीत आश्रय आणि १९३७ साली तेथेच मृत्यू. अशा घरातली पत्रे उघडायची म्हणजे आजच्या पिढीला आजोबा-पणजोबांची दुखणी चव्हाट्यावर मांडल्यासारखे वाटणार. शिवाय घरातले कोणी निवडणुकीला उभे असेल तर विरोधकाच्या हाती आयते कोलीत. यावर उपाय जाळणे हा नाही, मुदत घालणे हा आहे. अमुक पेटी तीस वर्षे बंद, अमुक पत्रे संबंधितांच्या हयातीपर्यंत बंद, असे लिहून देता येते आणि जगातल्या चांगल्या संस्था ते पाळतात. फॉर्स्टरनेही देवासमधली आपली सर्वांत खाजगी हकीगत १९५३ च्या पुस्तकात घातली नाही. पण कागद फाडलाही नाही. तो त्याच्या मृत्यूनंतर, १९८३ साली छापला गेला; तोपर्यंत ज्यांना तो लागला असता त्यांपैकी बहुतेक कोणी उरले नव्हते.

मात्र जे लिहून द्यायचे ते स्पष्ट लिहावे. दान की ठेव? मालकी कोणाची, प्रकाशनाचा हक्क कोणाचा, परत मागता येईल का? दिल्लीच्या नेहरू स्मारक संग्रहालयातून २००८ साली नेहरूंच्या कागदांच्या ५१ पेट्या सोनिया गांधींकडे परत गेल्या, आणि आता संस्था त्या पुन्हा मागत आहे. कोण बरोबर हा वाद ज्याचा त्याने आपल्या पक्षाप्रमाणे घालावा. मला त्यात दिसते ते एवढेच की, देशाच्या पहिल्या पंतप्रधानांच्या कागदांबाबतही देताना काय ठरले होते यावर पन्नास वर्षांनी दोन मते होऊ शकतात. मग देवासच्या पेटीबाबत तोंडी शब्दावर कशाला विसंबायचे?

कोल्हापूरने आपल्या बाजूचे काम बरेच केले आहे. राजर्षी शाहूंचे कागद खंडरूपाने शिवाजी विद्यापीठाच्या अभ्यासकांनी प्रसिद्ध केले. त्या खंडांचा उपयोग करणाऱ्याला देवासचा जावई वारंवार भेटतो, पण पत्राची एकच बाजू हाती येते. उत्तर कोल्हापूरला, प्रश्न माळव्यात. देवासच्या पवार कुटुंबाने, धारच्या पवार कुटुंबाने आणि कोल्हापूरच्या छत्रपतींच्या घराने एकत्र येऊन तिन्ही ठिकाणच्या कागदांची एक सामाईक यादी करायचे ठरवले, तर कोणाला एक कागदही हलवावा लागणार नाही. या घरांतले काही जण आज लोकप्रतिनिधी आहेत. विधानसभेत आणि लोकसभेत बसणाऱ्या माणसांना मोडीचे दोन जाणकार वर्षभर नेमण्याइतका निधी उभा करणे अवघड नसावे. इंदूरच्या मराठी संस्थांनी राहण्याजेवणाची सोय करावी, महाराष्ट्राच्या पुराभिलेख खात्याने शिकवणारा माणूस पाठवावा.

आपल्याकडून काय होण्यासारखे आहे? जगलबेट, बेळगाव, खानापूर या भागांत देवासच्या नोकरीत गेलेल्या कुटुंबांचे वंशज आहेत. त्यांच्या माडीवर एखादी ट्रंक असेल, तीत एखादा फोटो असेल. तो पुसू नका, चौकटीत घालू नका, पाठीमागे बॉलपेनने लिहू नका. वेगळ्या कागदावर, डावीकडून उजवीकडे, मागच्या रांगेपासून सुरुवात करून नावे लिहा. जो ओळखता येत नाही त्याच्या जागी रेघ ओढा, आणि तो कागद घेऊन घरातल्या सर्वांत म्हाताऱ्या माणसाजवळ जाऊन बसा. दुपारची वेळ बरी. सकाळी त्यांना पूजा असते.